या आठवड्यात एक बेल वाजवा

तुमच्या इमारतीत, गल्लीत किंवा वाडीत असं एक घर नक्की आहे, जिथे मोबाइल रोज वाजतो आणि दाराची बेल मात्र पेपरवाला बिल घेऊन आला तरच वाजते. आत सत्तरी ओलांडलेलं एखादं माणूस राहतं, कधी दोघं. मुलं बंगळुरूला, दुबईला, न्यू जर्सीला. तुम्हाला त्यांचं आडनाव माहीत असतं, जिन्यात भेटलं तर हसणंही होतं. या आठवड्यात त्या दाराशी जा आणि बेल वाजवा. पुढच्या आठवड्यात नको, सणवार झाल्यावर नको. एवढी घाई कशासाठी, ते सांगते.

गेल्या काही वर्षांत माणसाला व्हिडिओ कॉलवर कोंडून ठेवण्याचा गुन्हा देशभर पसरला आहे. 'डिजिटल अरेस्ट' म्हणतात त्याला. आधी साधा फोन येतो: तुमच्या नावाच्या पार्सलमध्ये अमली पदार्थ सापडले, किंवा तुमच्या आधारकार्डावर घेतलेल्या सिमवरून काळ्या पैशाचे व्यवहार झाले. मग व्हिडिओ कॉल. समोर गणवेशातला माणूस, मागे पोलीस ठाण्यासारखी भिंत, हातात न्यायालयाचा शिक्का असलेला कागद. कॅमेरा बंद करायचा नाही. कोणाला सांगायचं नाही, मुलांना तर नाहीच, नाहीतर त्यांनाही अटक होईल. आणि चौकशी पुरी होईपर्यंत मुदतठेवी मोडून पैसे सांगितलेल्या खात्यात भरायचे. आपल्या कायद्यात अशी अटक कुठेही नाही. पोलीस असोत, सीबीआय असो की न्यायालय, व्हिडिओ कॉलवर कोणी कोणाला अटक करत नाही आणि पैसे तर मागतच नाही. ऑक्टोबर २०२४ मध्ये पंतप्रधानांनी 'मन की बात'मधून लोकांना याबद्दल सावध केलं. २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेतली आणि तपास सीबीआयकडे सोपवला. तरी फोन यायचे थांबलेले नाहीत.

मार्च २०२५ मध्ये मुंबईतलं एक प्रकरण उघडकीला आलं. ८६ वर्षांच्या एका बाईंना असाच धाक घालून वीस कोटींहून अधिक रुपये उकळले होते आणि हे दोन महिन्यांहून अधिक काळ चाललं होतं. रक्कम डोळे पांढरे करणारी, म्हणून बातमी गाजली. माझं लक्ष मात्र त्यातल्या दुसऱ्याच एका माणसावर खिळलं. संशय पहिल्यांदा आला तो घरात काम करणाऱ्या बाईंना. आजी खोलीतच असतात, जेवण्यापुरत्या बाहेर येतात, आत कोणाशी तरी चढ्या आवाजात बोलतात, हे त्यांनी पाहिलं आणि आजींच्या मुलीला कळवलं.

या गुन्ह्याला एकच गोष्ट लागते: दिवसचे दिवस या दाराशी कोणी येणार नाही, याची खात्री. पडद्यावरचा तोतया अधिकारी दरडावत असताना जर कोणी बेल वाजवली, 'काकू, आज भाजीला निघालेय, काय आणू?' असं विचारलं, चेहरा उतरलेला पाहून आत येऊन बसलं, तर त्या धाकाला पहिला तडा तिथेच जातो. म्हणून ही घाई. ज्या घरी तुम्ही पुढच्या महिन्यात जायचं म्हणताय, तिथे तो फोन आज दुपारी येऊ शकतो.

व्हिडिओ कॉलवर माझा राग नाही. २०२० च्या टाळेबंदीत त्याच्यावाचून आपलं काय झालं असतं, ते आठवा. कित्येकांनी आपल्या माणसाचं अखेरचं दर्शन त्या एवढ्याशा पडद्यावर घेतलं. परदेशात बाळंतपण झालेल्या मुलीचं बाळ इथल्या आजीला पहिल्या दिवशी दिसतं, ही लहान गोष्ट नाही. माझी तक्रार वेगळी आहे. व्हिडिओ कॉलने मुलांबरोबर आपल्यालाही निर्धास्त केलं. मुलाला आईचा चेहरा दिसतो, म्हणून त्याला वाटतं ती बरी आहे. शेजाऱ्यांना ठाऊक असतं की मुलगा रोज बोलतो, म्हणून त्यांना जायची गरज वाटत नाही. भाचे-पुतणे कुटुंबाच्या ग्रुपवर फोटो पाहतात आणि यंदाचीही भेट राहून जाते. सगळे निर्धास्त, आणि त्या घराचा उंबरा कित्येक आठवड्यांत कोणी ओलांडलेला नसतो.

पुण्यात कोथरूड, कर्वेनगर, सहकारनगर भागात आम्ही काही जणी एकट्या राहणाऱ्या ज्येष्ठांकडे जातो. तिथे कॉलची तयारी कशी चालते, ते पाहिलं म्हणजे पोटात कालवतं. अमेरिकेतल्या मुलाशी बोलायची वेळ बहुतेक रविवारी सकाळची, कारण तिकडे शनिवारची संध्याकाळ असते. त्याआधी आजी इस्त्रीची साडी नेसतात, केस नीट करतात, पावडर लावतात. हॉलमधली खुर्ची ट्यूबलाइटखाली ओढतात. मागे स्वच्छ भिंत आणि हार घातलेला यजमानांचा फोटो. कॅमेऱ्यात येतात त्या छातीपासून वर. आवाज मुद्दाम खणखणीत. जेवण झालं? झालं. गोळ्या? घेतल्या. नातवाला हात हलवायला सांगतात, तो हलवतो आणि खेळायला पळतो. तिकडे कोणाला तरी निघायचं असतं, कॉल संपतो, आणि खुर्ची पुन्हा जागेवर जाते.

पडद्यावर पाय दिसत नाहीत. घोट्यावर बोट दाबलं की पडणारा खळगा दिसत नाही. गोळ्यांच्या पट्ट्या गेल्या महिन्याइतक्याच भरलेल्या आहेत, हे दिसत नाही. दोन पातेल्यांची बुडं जळून काळी पडलेली असतात, म्हणजे गॅसवर ठेवलेलं विसरायला होतं. स्मरण दगा देऊ लागल्याची पहिली खबर पुष्कळदा भांड्यांवरूनच लागते. फ्रिजमध्ये फाटलेलं दूध. न्हाणीघरात गळका नळ आणि निसरडी फरशी. वर्तमानपत्रांच्या घड्याही मोडलेल्या नाहीत. हे सगळं आत पाऊल टाकणाऱ्याला पाच मिनिटांत कळतं. पाच वर्षं रोज व्हिडिओ कॉल करणाऱ्या मुलाला ते कळत नाही, आणि त्यात त्याचा दोष नाही.

आई त्याला सांगत नाही, कारण तिकडे तो रात्रभर जागा राहील. तोही सांगत नाही की नोकरी गेली आहे आणि व्हिसाचे उरलेले दिवस मोजणं चालू आहे, कारण इकडे आईचा रक्तदाब वाढेल. दोघं एकमेकांना जपतात आणि जपता जपता खरं काय ते दोघांच्याही पोटातच राहतं. जवळ येऊन बसलेल्या तिसऱ्या माणसाशी मात्र आई बोलते. 'मुलाला कळवू नका हं' असं आधी बजावते आणि मग चक्कर आल्याचं, पडल्याचं, रात्री झोप न लागण्याचं सगळं सांगते. हे आम्ही इतक्या घरांत पाहिलं आहे की आता ते वाक्य ऐकलं की आम्ही पिशवी खाली ठेवून नीट बसतो.

बोलण्यातही फरक पडतो, आणि तो वयस्कर माणसाला जास्त जाचतो. समोरासमोरच्या गप्पांत एकाचं वाक्य संपून दुसऱ्याचं सुरू व्हायला साधारण पाव सेकंदही लागत नाही. वेगवेगळ्या दहा भाषांवरच्या २००९ च्या संशोधनात हेच आढळलं होतं. कॉलमध्ये नेटवर्कमुळे उशीर होतो आणि ही लय मोडते. दोघं एकदम बोलू लागतात, दोघं थांबतात, 'तू बोल', 'नाही, तू बोल' होतं. ज्यांना कमी ऐकू येतं ते नकळत ओठांकडे पाहून शब्द ओळखत असतात. चित्र आणि आवाज मागेपुढे झाले की तो आधारही जातो. मग आजोबा नुसतं 'हो, हो' म्हणू लागतात. मुलाला वाटतं, बाबा अलीकडे तुटक बोलतात. बाबांना अर्धं ऐकूच आलेलं नसतं. आणि दोन माणसं एकमेकांजवळ काही न बोलताही बसू शकतात, ते तर पडद्यावर जमतच नाही. तिथे गप्प बसलं की समोरचा विचारतो, 'आवाज येतोय ना?'

एकटेपणा म्हणजे नुसती मनाची हुरहुर, असं समजू नका. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयोगाने जून २०२५ मध्ये अहवाल दिला. जगात दर सहा माणसांतल्या एकाला एकटेपणा ग्रासतो आणि त्याच्याशी जोडलेले मृत्यू तासाला सुमारे शंभर, असा त्यातला अंदाज आहे. स्मृतिभ्रंशाच्या धोक्यांच्या यादीत वैद्यकशास्त्राने उच्च रक्तदाब आणि मधुमेह यांच्या शेजारीच माणसांपासून तुटणं आणि कमी ऐकू येणं यांनाही बसवलं आहे. आपल्याकडे मुंबईच्या आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्थेने २०१७-१८ मध्ये वार्धक्याची देशव्यापी पाहणी केली, तेव्हा साठीपुढच्या शंभर माणसांतली जवळपास सहा अगदी एकटी राहत होती. मनातल्या मनात आपल्या रस्त्यावरची घरं मोजून पाहा.

आता परदेशी आणि परगावी असलेल्या मुलामुलींना एक विनंती, आणि ती आजच्या आज करण्यासारखी आहे. अनेकांनी आईवडिलांच्या हॉलमध्ये सीसीटीव्ही कॅमेरा बसवला आहे. इकडे रात्रीचे दोन वाजलेले असतात, कॅलिफोर्नियात आदल्या दिवशीची दुपार असते, आणि ऑफिसात बसल्या बसल्या तुम्हाला मोबाइलवर आई जमिनीवर पडलेली दिसू शकते. तेव्हा तुम्ही कोणाला फोन कराल? शेजारच्या फ्लॅटमधल्या माणसाचा नंबर तुमच्याकडे आहे का? नसेल तर आज तो मिळवा. शेजारच्या दोन घरांचे, वॉचमनचे, कामाला येणाऱ्या मावशींचे आणि जवळच्या डॉक्टरांचे नंबर घ्या. त्यांच्याशी अधूनमधून बोला, सणाला शुभेच्छा द्या, म्हणजे अडीअडचणीला केलेला तुमचा फोन अनोळखी वाटणार नाही. घराची एक किल्ली विश्वासाच्या शेजाऱ्याकडे ठेवा. आणि आई म्हणाली की 'अगं, समोरची मीनल येऊन बसली होती तासभर', तर त्या मीनलला स्वतः फोन करून आभार माना.

पुण्या-मुंबईत आणखी एक गोष्ट घडते आहे, तिच्याकडे या अंगाने फारसं कोणी पाहत नाही. जुन्या सोसायट्यांचा पुनर्विकास. चाळीस वर्षं एकाच जिन्याने चढलेली-उतरलेली, एकमेकांची मुलं सांभाळलेली, एकाच गणपतीची आरती म्हटलेली कुटुंबं महिना-दोन महिन्यांत पांगतात. बिल्डर भाडं देतो, ज्याला जिथे जागा मिळते तिथे तो जातो. अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी एखादे काका अशा इमारतीत राहायला येतात, जिथे त्यांना नावाने ओळखणारं कोणीही नाही. वाणी नवा, डॉक्टर नवा, सकाळच्या फिरण्याचा रस्ता नवा, बागेतला कट्टा दूर. वर गेटवर ॲप. भेटायला आलेल्या जुन्या मित्राला सुरक्षारक्षक अडवतो, काकांना ॲपवर परवानगी देता येत नाही, मित्र परत जातो आणि पुन्हा येत नाही. काम लांबत जातं, तसे हे दिवसही लांबत जातात. त्या दिवसांत काकांना रोज दिसणारा ओळखीचा चेहरा एकच, मोबाइलमधला.

पुनर्विकासाला निघालेल्या सोसायट्यांना म्हणून कळकळीने सांगते: करारनामे, चटईक्षेत्र, पार्किंग यांवर महिनोन्‌महिने बैठका घेता, त्यातल्या एका बैठकीत हेही ठरवा की आपल्यातले एकटे ज्येष्ठ कुठे जाणार आणि त्यांच्याकडे आठवड्याला कोण जाणार. जमलं तर दोन-तीन कुटुंबांनी एकाच इमारतीत किंवा एकाच गल्लीत भाड्याने घरं घ्या. आणि ज्या सोसायटीत असे भाडेकरू राहायला येतात, तिथल्या लोकांनी त्यांना 'तात्पुरते' समजू नये. ऑगस्ट २०१७ मध्ये मुंबईच्या एका उपनगरात परदेशातून आलेल्या मुलाने बंद दार उघडून घेतलं, तेव्हा आत आईचा फक्त सांगाडा उरला होता. तिच्याशी त्याचं शेवटचं बोलणं होऊन वर्ष उलटून गेलं होतं. मुलाला सगळ्यांनी बोल लावला. पण त्याच इमारतीत रोज लिफ्टने वर-खाली करणारी शेकडो माणसं होती.

एकटेपणा म्हाताऱ्यांच्याच वाट्याला येतो असंही नाही. सदाशिव पेठेत, नवी पेठेत, शास्त्री रस्त्याच्या मागच्या गल्ल्यांत एमपीएससीची तयारी करणारी हजारो मुलं-मुली कॉट बेसिसवर राहतात. बीड, नांदेड, जळगावहून आलेली. सकाळी अभ्यासिका, दुपारी खानावळ, रात्री पुन्हा अभ्यासिका. गावाकडून व्हिडिओ कॉल येतो, आई विचारते, 'जेवलास का रे?' तो म्हणतो, 'जेवलो.' निकालाबद्दल ती विचारत नाही आणि तो सांगत नाही. त्याच इमारतीत वरच्या मजल्यावर तीन खोल्यांत एक आजी एकट्या, त्यांच्या मोबाइलवर लेकाचा चेहरा. खाली एका खोलीत चार मुलं, चौघांच्या मोबाइलवर चार आया. ही माणसं एकमेकांना का भेटू नयेत? चष्म्याचा नंबर वाढलेल्या आजीला पेपर वाचून दाखवायला अर्धा तास पुरतो आणि मुलाची चालू घडामोडींची उजळणीही होते. त्या घरात त्याला कोणीतरी पान वाढून जेवायला बसवतं. पेठांतल्या घरमालकांनी आणि अभ्यासिका चालवणाऱ्यांनी मनावर घेतलं तर ही ओळख ते एका संध्याकाळी करून देऊ शकतील.

सुरक्षिततेची शंका येईल, आणि ती यायलाच हवी. अनोळखी माणसाला दार उघडू नका असं आपणच ज्येष्ठांना शिकवलं आहे, ते योग्यच आहे. म्हणून पहिल्यांदा एकटे जाऊ नका. त्यांच्या ओळखीच्या कोणाला तरी, सोसायटीच्या सेक्रेटरींना, पोळ्या करणाऱ्या मावशींना, ज्येष्ठ नागरिक संघातल्या कोणाला बरोबर न्या. आधी कळवा. दारातूनच बोलून परत यावं लागलं तरी वाईट वाटून घेऊ नका, पुढच्या आठवड्यात त्याच वाराला त्याच वेळी पुन्हा जा. पैसे, बँक, मृत्युपत्र, घर कोणाच्या नावावर, हे विषय काढायचेच नाहीत.

आणि गेल्यावर उपदेश करू नका. योगासनं सांगू नका, 'छंद लावून घ्या' म्हणू नका. काहीतरी काम घेऊन जा. लोणच्याच्या मसाल्याचं प्रमाण विचारा, मुलाचा मराठीचा गृहपाठ दाखवा, शिवणाचा दोरा ओवून द्या, बल्ब बदलून द्या. चहा केला तर तो प्या, त्यांना तो करू द्या. कोणासाठी तरी आधण ठेवायला मिळणं ही त्यांची गरज आहे. जिवतीचं चित्र, जुना अल्बम, नोकरीतल्या बदल्या, जे निघेल ते ऐका. तीच गोष्ट दुसऱ्यांदा सांगितली तर दुसऱ्यांदा ऐका. फोन खिशात राहू द्या. निघताना पुढच्या भेटीचा वार सांगा आणि तो पाळा. पाळता येणार नसेल तर सांगूच नका, कारण त्या दिवशी सकाळपासून खुर्ची दाराकडे वळलेली असते.

बायकांना खास सांगायचं आहे. एकट्या राहणाऱ्या ज्येष्ठांमध्ये नवरा गेलेल्या बायका पुष्कळ आहेत, आणि आपलं चैत्राचं, संक्रांतीचं हळदीकुंकू त्यांच्या दारावरून पुढे जातं. सगळ्या मजल्यांवर बोलावणं, फक्त त्यांना नाही. मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड गावाने विधवांवर लादलेल्या प्रथा बंद करण्याचा ठराव केला. एका ग्रामसभेला जे जमलं ते आपल्या सोसायट्यांना जमायला हवं. यंदा पहिलं बोलावणं त्यांना द्या.

कायदाही तुमच्या बाजूने आहे. आईवडील व ज्येष्ठ नागरिकांच्या चरितार्थाचा कायदा २००७ चा, महाराष्ट्राचे त्याखालचे नियम २०१० चे. पोलीस ठाण्याने हद्दीतल्या एकट्या ज्येष्ठांची यादी ठेवावी आणि शक्य तिथे समाजसेवक किंवा स्वयंसेवकाला बरोबर घेऊन महिन्यातून किमान एकदा त्यांची भेट घ्यावी, अशी त्यांत तरतूद आहे. तुमच्या ठाण्यात जाऊन विचारा: यादी आहे का, आमच्या इमारतीतलं नाव तिच्यात आहे का, बरोबर यायला स्वयंसेवक हवा आहे का? असेल तर स्वतःचं नाव द्या. ज्येष्ठांसाठीची राष्ट्रीय हेल्पलाइन १४५६७ आहे, सकाळी आठ ते रात्री आठ. सायबर फसवणुकीसाठी १९३०, आणि तिथे पहिल्या काही तासांत फोन गेला तर पैसे वाटेत अडवता येण्याची शक्यता असते. तातडीच्या मदतीला ११२. हे तीनही आकडे मोठ्या अक्षरांत लिहून आजी-आजोबांच्या फोनजवळ चिकटवा, आणि त्यांच्याखाली तुमचा नंबर.

प्रत्येक सहकारी गृहनिर्माण संस्थेला ३० सप्टेंबरच्या आत वार्षिक सर्वसाधारण सभा घ्यावी लागते. तुमच्या समितीला आजच लेखी पत्र द्या आणि हा विषय सभेच्या अजेंड्यावर घ्यायला लावा. सभेत तीन गोष्टी मंजूर करून घ्या. एकट्या ज्येष्ठांची, त्यांच्या संमतीने केलेली यादी: नाव, मजला, मुलांचे नंबर, डॉक्टर, किल्ली कोणाकडे. प्रत्येक नावापुढे आठवड्याला जाणाऱ्या दोन सभासदांची नावं. आणि सकाळी नऊपर्यंत दुधाची पिशवी दारालाच लटकलेली दिसली तर बेल वाजवायची आणि उत्तर आलं नाही तर यादीतल्या पहिल्या नंबरला फोन करायचा, ही वॉचमनला लेखी सूचना. सभेला अजून अवकाश असेल तर तोपर्यंत थांबू नका. शेजारच्या घरापासून, उद्या संध्याकाळपासून सुरुवात करा.